प्रश्नमंजूषेचा सूत्रधार : डॅन एनराइट

इतिहासाच्या व्याख्यानाला येताना श्रोत्यांच्या मनात काही एक अपेक्षा असते. राजे, लढाया, तह, सनदा यांपैकी काहीतरी कानांवर पडेल, असे त्यांना वाटते. आम्ही ज्या गृहस्थाची हकीकत सांगणार आहोत, त्याने राज्य मिळवले नाही की घालवले नाही. टेलिव्हिजनवर बक्षिसांचे खेळ करून दाखवणे हा त्याचा धंदा. तथापि त्याच्या व त्याच्यासारख्यांच्या खेळांपायी अमेरिकेच्या काँग्रेसला साक्षीपुरावे घ्यावे लागले, राष्ट्राध्यक्ष आयसेनहॉवर यांना आपल्या महान्यायवाद्याकडून अहवाल मागवावा लागला, आणि १९६० साली एक नवा कायदा करावा लागला. एवढे ज्याच्या हातून घडले, त्याची हकीकत इतिहासात बसत नाही असे कोण म्हणेल?

आपल्या संस्कृत नाटकांत सूत्रधार म्हणून एक असामी असते. नांदी झाली की तो रंगभूमीवर येतो, आज अमुक कवीचे अमुक नाटक करणार आहोत असे सांगतो आणि मग आत जातो. पुढे जे दिसेल ते नाटक आहे, हे प्रेक्षकाला आधीच कळलेले असते. दुष्यंताला शकुंतलेची ओळख पटत नाही तेव्हा आपण हळहळतो, पण कोणी उठून फिर्याद करीत नाही. डॅन एनराइट हाही एक सूत्रधारच होता. फरक इतकाच, की तो रंगभूमीवर आलाच नाही. नाटक आहे हे त्याने सांगितले नाही, आणि सगळा अनर्थ त्यातून झाला.

प्रथम या धंद्याची थोडी ओळख करून घेतली पाहिजे. पडद्यावर आपल्याला दिसतो तो सूत्रसंचालक. लोक त्यालाच ओळखतात, त्यालाच पत्रे पाठवतात. निर्माता दिसत नाही. खेळाची कल्पना त्याची, नियम त्याचे, प्रश्न लिहून घेणारी माणसे त्याची, स्पर्धक निवडणारा तो, आणि हा सगळा संसार एखाद्या जाहिरातदार कंपनीच्या गळ्यात घालून तिच्याकडून पैसे आणणाराही तोच. नाटक मंडळीतले मालक, तालीममास्तर आणि व्यवस्थापक एकाच अंगरख्यात घालावेत, तसा हा प्राणी. १९५०च्या दशकात अमेरिकेत कार्यक्रम बहुधा जाहिरातदारांच्याच ताब्यात असत; प्रक्षेपण करणारी कंपनी वेळ विकून मोकळी होई. त्यामुळे निर्मात्याचा खरा धनी प्रेक्षक नसे. साबण, लिपस्टिक किंवा औषध विकणारा शेटजी हा त्याचा धनी असे.

एनराइट १९१७ साली न्यूयॉर्कला जन्मला. त्याच्या बालपणाचा काही काळ त्या वेळी ब्रिटिशांच्या ताब्यात असलेल्या पॅलेस्टाइनमध्ये गेला. परत आल्यावर तो नभोवाणीच्या क्षेत्रात शिरला, आणि तेथे त्याची जॅक बॅरीशी गाठ पडली. बॅरी गोड बोलणारा, हसतमुख. एनराइट हिशेबी आणि कल्पक. बॅरीने पुढे बोलायचे, एनराइटने मागून सूत्रे हलवायची, अशी ही भागीदारी. मुलांना प्रश्न विचारून त्यांची उत्तरे ऐकवणारा ‘ज्युव्हेनाइल ज्युरी’ हा त्यांचा कार्यक्रम १९४६ साली नभोवाणीवर गाजला. १९५३ साली त्यांनी मुलांसाठीच ‘विंकी डिंक अँड यू’ काढला. त्यात टेलिव्हिजनच्या काचेवर पारदर्शक कागद चिकटवून मुलांनी खडूने पूल, शिडी वगैरे काढायची, आणि पडद्यावरचे पात्र त्यावरून पलीकडे जायचे. (कागद विकत न घेता थेट काचेवरच रेघोट्या ओढणारी मुले घरोघर निघाली, हे सांगायला नकोच.) ही कल्पना ज्याला सुचली, त्याच्या बुद्धीविषयी शंका घेण्याचे कारण नाही. पुढच्या हकीकतीत एनराइट आपल्याला बराच वाईट दिसणार आहे, म्हणून हे आधी सांगून ठेवले.

आता पैशाची गोष्ट. १९४० पासून नभोवाणीवर एक प्रश्नांचा खेळ चाले, त्याचे सर्वांत मोठे बक्षीस ६४ डॉलर. १९५४ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने असे बक्षिसांचे कार्यक्रम लॉटरीच्या कायद्यात येत नाहीत असा निर्णय दिला, आणि दार सताड उघडले. लुई कॉवन नावाच्या निर्मात्याने त्या ६४ला एक हजाराने गुणले. ‘६४,००० डॉलरचा प्रश्न’ हा त्याचा कार्यक्रम ७ जून १९५५ रोजी सीबीएसवर सुरू झाला. जाहिरातदार रेव्हलॉन ही सौंदर्यप्रसाधनांची कंपनी. प्रश्न बँकेच्या तिजोरीत ठेवलेले, ते घेऊन येणारा बँकेचा अधिकारी, सोबत पहारेकरी, आणि स्पर्धक काचेच्या बंद खोलीत, म्हणजे कोणी कुजबुजून सांगायला नको! पावित्र्याचा एवढा थाट देवळाच्या गाभाऱ्यातही नसेल. आणि माणसे तरी कशी? पाककलेवरचे प्रश्न सोडवणारा नौसैनिक दलाचा कप्तान, ऑपेरावर बोलणारा जोडे दुरुस्त करणारा इटालियन, मुष्टियुद्धाचा इतिहास तोंडपाठ असलेली मानसशास्त्रज्ञ बाई. रस्त्यावरच्या साध्या माणसाच्या डोक्यातही विद्या असते, हे लोकांना दिसले आणि ते हरखून गेले. त्यात त्यांची चूक होती असे आम्हांला वाटत नाही.

आतली गोष्ट निराळी होती. रेव्हलॉनच्या मंडळींची निर्मात्यांबरोबर दर आठवड्याला बैठक होई. कोणता स्पर्धक आवडला, कोणता आता जावा, हे तेथे बोलले जाई. मग निर्माता स्पर्धकाशी गप्पा मारून त्याला काय येते, काय येत नाही, हे आधीच काढून घेई. ठेवायचा असेल त्याला येणारे विचारायचे, घालवायचा असेल त्याला न येणारे. यात कोणाला उत्तर सांगितलेले नसते, तरी निकाल ठरलेला असतो. ही युक्ती नेहमीच साधे असे नाही. त्या मानसशास्त्रज्ञ बाई, डॉ. जॉइस ब्रदर्स, नकोशा झाल्या होत्या म्हणून त्यांना अवघडात अवघड प्रश्न घातले गेले. त्यांनी सगळ्यांची उत्तरे दिली आणि ६४,००० डॉलर घेऊन त्या घरी गेल्या. या सगळ्या काळोख्या हकीकतीत एवढा एक प्रसंग आम्हांला फार आवडतो.

एनराइट आणि बॅरी यांनी १९५६ साली या बाजारात उडी घेतली. आपल्याकडे मुले पाटीवर फुल्ली-गोळा खेळतात, त्यावर बेतलेला ‘टिक-टॅक-डो’ हा एक खेळ आणि पत्त्यांतल्या एकवीसच्या डावावरून ‘ट्वेंटी-वन’ हा दुसरा. ‘ट्वेंटी-वन’मध्ये दोन स्पर्धक दोन काचेच्या खोल्यांत, एकाला दुसऱ्याचे गुण कळत नाहीत. प्रश्न एक ते अकरा गुणांचे, जितके गुण जास्त तितका प्रश्न कठीण. प्रथम एकवीस करील तो जिंकला, आणि दोघांच्या गुणांत जो फरक राहील त्याच्या दर गुणाला ५०० डॉलर. बरोबरी झाली तर पुढच्या डावाला दर गुणाचा भाव आणखी ५००नी चढायचा. कागदावर खेळ उत्तम होता. आजही कोणी वाचला तर त्याला तसेच वाटेल.

१२ सप्टेंबर १९५६ रोजी एनबीसीवर तो सुरू झाला, आणि प्रामाणिकपणे खेळवला गेला. व्हायचे तेच झाले. खऱ्या माणसांना अकरा गुणांचे प्रश्न येईनात. एकामागून एक चुका होऊ लागल्या, आकडा पुढे सरकेना, प्रेक्षक कंटाळले. दुसऱ्या दिवशी सकाळी जाहिरातदाराचा निरोप आला, की काल झाले तसे पुन्हा होता कामा नये. हा जाहिरातदार म्हणजे ‘जेरिटॉल’ नावाचे लोहयुक्त टॉनिक विकणारी कंपनी. ‘थकलेल्या रक्ता’ला तरतरी आणणारे म्हणून त्याची जाहिरात होई. आपल्या जुन्या वर्तमानपत्रांतल्या शक्तिवर्धक गोळ्यांच्या जाहिराती ज्यांनी वाचल्या आहेत, त्यांना या औषधाचे कुळ लगेच ओळखू येईल.

या क्षणी एनराइटपुढे दोन वाटा होत्या. प्रश्न सोपे करायचे, किंवा खेळ बंद करून दुसरा काढायचा. त्याने तिसरी काढली. खेळाचे नाटक करायचे, म्हणजे नायक, खलनायक, चढाव, उतार, सगळे लिहून काढायचे, आणि प्रेक्षकांना मात्र तो सामनाच आहे असे सांगत राहायचे. पंचाच्या खुर्चीत बसून नाटककाराचे काम करायचे.

त्याचा पहिला नट हर्बर्ट स्टेंपल. हा सैन्यातून परत आलेला, न्यूयॉर्कच्या सिटी कॉलेजात शिकणारा तरुण. कार्यक्रम पाहून त्याने आपण होऊन पत्र पाठवले. त्याला ३६३ प्रश्नांची चाचणी दिली, त्यांपैकी २५१ त्याला आले. ही गोष्ट नीट ध्यानात ठेवली पाहिजे, कारण पुढे सगळे जग त्याला लबाड म्हणणार आहे. माणसाजवळ खरोखर विद्या होती. एनराइट त्याच्या घरी गेला, पंचवीस हजार डॉलर मिळवायला आवडतील का असे त्याने विचारले, आणि मग त्याच्या कपाटातले कपडे धुंडाळू लागला. अंगाला न बसणारा जुना सूट घाल, केस सैनिकासारखे बारीक काप, टिकटिक ऐकू येईल असे स्वस्तातले घड्याळ बांध. घाम पुसायचा नाही, रुमालाने हलकेच टिपायचा. बाकीचे स्पर्धक सूत्रसंचालकाला जॅक म्हणोत, तू ‘मिस्टर बॅरी’ म्हण. गरीब, काहीसा नकोसा वाटणारा, हट्टी विद्यार्थी असे हे सोंग. सासरची माणसे बऱ्यापैकी सुस्थितीत होती, पण ते नाटकात बसत नव्हते. आणि अर्थात प्रत्येक कार्यक्रमाआधी प्रश्न, उत्तरे, कोणत्या उत्तराला किती थांबायचे, कोठे उसासा टाकायचा, याची तालीम. काचेच्या खोलीतली हवा थंड ठेवणारे यंत्र बंद ठेवीत, म्हणजे घाम खरा येई. त्या खोलीत खरे असे तेवढेच.

काही आठवड्यांत लोकांना स्टेंपलचा कंटाळा आला. हेही नाटककाराच्या हिशेबात होते; खलनायक तयार झाला होता, आता नायक हवा होता. एनराइटचा सहकारी अल्बर्ट फ्रीडमन याला तो कोलंबिया विद्यापीठात सापडला. चार्ल्स व्हॅन डोरेन, वय तीस, इंग्रजीचा अध्यापक, उंच, देखणा, विनयशील. वडील मार्क व्हॅन डोरेन कवी, काका कार्ल व्हॅन डोरेन चरित्रकार, दोघेही पुलित्झर पारितोषिकाचे मानकरी. पगार वर्षाला साडेचार हजार डॉलरांच्या आतबाहेर. त्याने प्रथम सरळ खेळू द्या असे म्हटले. फ्रीडमनने सांगितले, की स्टेंपल हरवण्यापलीकडचा आहे, अशी मदत या धंद्यात सर्रास दिली जाते, आणि तुझ्यासारखा शिक्षक जिंकला तर विद्येची, शिक्षकी पेशाची प्रतिष्ठा वाढेल. हा शेवटचा मुद्दा फार धूर्त होता. पैशाला न भुलणारा माणूस कर्तव्याच्या नावाने भुलतो.

५ डिसेंबर १९५६ रोजी स्टेंपलने हरायचे होते. १९५५च्या सर्वोत्कृष्ट बोलपटाचे ऑस्कर कोणाला मिळाले, हा प्रश्न. उत्तर ‘मार्टी’. एकाकी, सामान्य रूपाच्या एका खाटकाची ती गोष्ट. स्टेंपलने तो बोलपट तीनदा पाहिलेला, त्याच्या अतिशय आवडीचा. त्याने एनराइटला विनवले, की दुसरे काहीही चुकवतो, हे नको. एनराइट ऐकेना. त्या रात्री स्टेंपल काचेच्या खोलीत विचारात पडल्याचे सोंग करून उभा राहिला आणि त्याने ‘ऑन द वॉटरफ्रंट’ हे आदल्या वर्षीच्या बोलपटाचे नाव सांगितले. लक्षावधी लोकांनी ते पाहिले. या सर्व प्रकरणात हा एक क्षण आम्हांला खऱ्या अर्थाने क्रूर वाटतो. न येणारे येते म्हणून मिरवणे ही लबाडी जुनी आहे. परीक्षांत ती रोज चालते. पण ज्याची सारी पुंजी म्हणजे आपल्याला येते ही जाणीव, त्याला चारचौघांत ‘मला येत नाही’ असे म्हणायला लावणे, ही नवी गोष्ट होती. आणि त्याला ४९,५०० डॉलर देऊन निरोप मिळाला, म्हणून ती कमी क्रूर होत नाही.

व्हॅन डोरेन पुढे ११ मार्च १९५७ पर्यंत टिकला, तोही ठरवून हरला, आणि १,२९,००० डॉलर त्याच्या पदरी पडले. मध्यंतरी ‘टाइम’ साप्ताहिकाने त्याचे चित्र मुखपृष्ठावर छापले. एनबीसीने वर्षाला ५०,००० डॉलरांची नोकरी दिली. त्याच वसंत ऋतूत एनराइट आणि बॅरी यांनी आपले कार्यक्रम एनबीसीला वीस लाखांहून अधिक डॉलरांना विकले आणि पगारी निर्माते म्हणून ते तेच काम करीत राहिले.

आपल्याकडे ठरवून लढलेल्या लढतीला नूरा कुस्ती म्हणतात. नूरा कुस्तीचा नियम असा, की हरणाऱ्या पैलवानाचे पोट भरलेले पाहिजे, नाहीतर तो तालमीबाहेर येऊन बोलतो. एनराइटने स्टेंपलला दुसऱ्या कार्यक्रमात नोकरीची आशा दाखवली होती. ती त्याने पुरी केली नाही. स्टेंपल वर्तमानपत्रांकडे गेला. बातमीदारांना ते पटले, पण पुरावा नाही, आणि अब्रुनुकसानीची भीती, म्हणून काही छापून आले नाही. एनराइटने त्याला बोलावून गोड बोलून, सारे आरोप खोटे होते अशा मजकुरावर त्याची सही घेतली. त्याच्यावर मनोविकारतज्ज्ञाचे उपचारही सुरू करून दिले. खरे बोलणाऱ्याला वेडा ठरवण्याची ही तऱ्हा काही अमेरिकेतच सापडते असे नाही.

भांडे फुटले ते भलतीकडेच. ठिपके जोडून चित्र ओळखण्याचा ‘डॉटो’ म्हणून एक खेळ होता. १९५८च्या मे महिन्यात तेथे वाट पाहत बसलेल्या एका राखीव स्पर्धकाच्या हाती दुसऱ्या स्पर्धक मुलीची वही लागली. तीत उत्तरे लिहिलेली. ऑगस्टमध्ये ‘डॉटो’ बंद झाला, आणि आता वर्तमानपत्रांना स्टेंपलचे म्हणणे छापण्याचे धैर्य आले. पाठोपाठ जेम्स स्नॉडग्रास नावाचा ‘ट्वेंटी-वन’चा चित्रकार स्पर्धक पुढे आला. त्याने एक साधीच हुशारी केली होती. उत्तरे सांगितली की ती कागदावर उतरवून, कार्यक्रमाच्या आधीच, तो स्वतःच्याच पत्त्यावर रजिस्टर टपालाने पाठवीत असे, आणि आलेली पाकिटे न फोडता ठेवून देत असे. पाकिटावर टपालखात्याचा तारखेचा शिक्का! तिजोरी, पहारेकरी आणि काचेच्या खोल्या या सर्वांपेक्षा तो शिक्का प्रामाणिक ठरला.

न्यूयॉर्कचे सरकारी वकील फ्रँक होगन यांनी चौकशी आपले सहायक जोसेफ स्टोन यांच्याकडे दिली. ग्रँड ज्युरीपुढे दीडशेच्या आसपास साक्षीदार आले आणि स्टोन यांच्या अंदाजाने त्यांतले शंभर तरी शपथेवर खोटे बोलले. का बोलले? येथे गंमत आहे. खेळात उत्तरे पुरवणे हा तेव्हा गुन्हाच नव्हता. शेजाऱ्याला, विद्यार्थ्यांना, आईबापांना तोंड दाखवायचे होते म्हणून ही माणसे खोटे बोलली, आणि जो गुन्हा नव्हता तो लपवण्यासाठी गुन्हेगार झाली. निर्मात्यांपैकी काहींनी त्यांना तसे बोलण्यास सुचवलेही होते. न्यायाधीशांनी ग्रँड ज्युरीचा अहवाल मोहरबंद ठेवला, आणि तो संताप काँग्रेसपर्यंत पोचला. ओरेन हॅरिस यांच्या उपसमितीपुढे १९५९च्या ऑक्टोबरात स्टेंपलने साक्ष दिली, एनराइटनेही दिली. कार्यक्रमांवर असा ताबा ठेवण्याची पद्धत कितीतरी वर्षांची आहे, असे एनराइटचे म्हणणे. ते खोटे नव्हते. फक्त ते त्याने तीन वर्षे उशिरा सांगितले. २ नोव्हेंबरला व्हॅन डोरेनने सारे कबूल केले. काही सभासदांनी त्याच्या सरळपणाची तारीफ केली, पण कोलंबियाने लगेच त्याचा राजीनामा घेतला आणि एनबीसीने त्याला काढून टाकले.

शिक्षा कोणाला झाली ते पाहा. १९६२च्या जानेवारीत व्हॅन डोरेन आणि आणखी काही स्पर्धकांनी खोट्या शपथेचा गुन्हा कबूल केला. शिक्षा झाली आणि ती स्थगितही झाली. ज्याने नाटक लिहिले आणि बसवले, तो एनराइट तुरुंगात गेला नाही, खटल्यातही अडकला नाही. प्रेक्षकांना फसवणे कोणत्याच कलमात बसत नव्हते. ती उणीव १९६०च्या कायद्याने भरून काढली. निकाल ठरवून प्रश्नांचे खेळ खेळवणे तेव्हापासून तेथे गुन्हा आहे. दुसरा परिणाम अधिक खोल झाला. प्रक्षेपण कंपन्यांनी कार्यक्रमांचा ताबा जाहिरातदारांकडून आपल्या हाती घेतला. निर्मात्याच्या कचेरीतही भिंती उठल्या : ज्याला प्रश्न माहीत, त्याने स्पर्धकाला भेटायचे नाही, जो स्पर्धकाशी बोलतो, त्याने प्रश्न पाहायचे नाहीत. १९६४ साली मर्व्ह ग्रिफिन यांचा ‘जेपर्डी’ आला, त्यात स्पर्धकाला उत्तर देऊन प्रश्न ओळखायला सांगतात. ही कल्पना ग्रिफिन यांच्या पत्नीची. उत्तरे आधी दिली म्हणून एवढा गहजब झाला ना, मग उघड उघड उत्तरेच द्या, असे त्या थट्टेने म्हणाल्या होत्या.

२००० सालच्या जुलैत आपल्याकडे ‘कौन बनेगा करोडपती’ आला, तो एका ब्रिटिश खेळाचा अवतार. त्याचे निर्माते सिद्धार्थ बसू दूरदर्शनच्या प्रश्नमंजूषांतून पुढे आलेले. त्याच वर्षी मुंबईच्या हर्षवर्धन नवाथे यांनी पहिले कोटीचे बक्षीस जिंकले, तेव्हा महाराष्ट्रातल्या कितीतरी घरांत आपलाच मुलगा जिंकल्याचा आनंद झाला. त्या आनंदात कोणाच्या मनात शंका आली नाही. हा विश्वास न्यूयॉर्कमध्ये एकदा पार मोडून पुन्हा नियमांनी बांधावा लागला होता, हे आपल्यापैकी थोड्यांनाच ठाऊक होते.

एनराइट काही वर्षे कॅनडात जाऊन काम करीत राहिला. बॅरीला बरीच वर्षे कोणी जवळ केले नाही. १९७२ साली ‘जोकर्स वाइल्ड’ या खेळाने तो पुन्हा वर आला, एनराइट त्याला मिळाला, आणि १९७८ साली जुना फुल्ली-गोळ्याचा खेळही त्यांनी परत सुरू केला. बॅरी १९८४ साली वारला, एनराइट १९९२ साली. १९९४ साली रॉबर्ट रेडफर्ड यांनी या प्रकरणावर ‘क्विझ शो’ हा चित्रपट काढला. त्यात तीन वर्षांचा काळ आटवून थोडक्यात बसवला आहे, आणि चौकशीचे बरेचसे श्रेय स्टोन यांच्याऐवजी काँग्रेसच्या समितीच्या तरुण वकिलाला दिले आहे. नाटक म्हटल्यावर हे चालायचेच. निदान येथे तिकीट काढणाऱ्याला आपण नाटक पाहत आहोत हे ठाऊक होते. चित्रपटासाठी सल्लागार म्हणून दोघांकडेही विचारणा झाली. व्हॅन डोरेनने मोठी रक्कम नाकारली, आणि २००८ साली ‘न्यू यॉर्कर’मध्ये लेख लिहीपर्यंत तो या विषयावर जवळजवळ गप्पच राहिला. स्टेंपल न्यूयॉर्क शहराच्या वाहतूक खात्यात नोकरीला होता. त्याने सल्लागाराचे काम घेतले, आणि एनराइटने आपल्या कपाटातला सूट कसा निवडला, ते सगळे पुन्हा एकदा सांगितले.